सूर्य मावळण्यापूर्वी मजुरी : यहुदी धर्मशास्त्र आणि रोजगारी माणूस



व्याख्यानमालेच्या चिटणिसांनी मला विषय विचारला, तेव्हा मी ‘यहुदी धर्मशास्त्र’ असे सांगितले. ते जरा घुटमळले. म्हणाले, “आम्हांला वाटले, तुम्ही किमान वेतनावर बोलाल.” मी म्हटले, “त्याच्यावरच बोलणार आहे.”

मी पंडित नव्हे. शाळा सातवीत सुटली. हिब्रू भाषा मला येत नाही. यंत्रमाग, बांधकाम आणि हमाली ह्या तीन धंद्यांतल्या माणसांची युनियन बांधण्यात माझी तीस वर्षे गेली, आणि जे काही वाचले ते रात्री, शब्दकोश मांडीवर घेऊन. तेव्हा आजचे हे बोलणे एका वाचकाचे आहे, अधिकारी पुरुषाचे नव्हे, एवढे ध्यानात ठेवून ऐकावे.

ह्या वाचनाला निमित्त एका परांचीचे झाले. वीसएक वर्षांपूर्वी आमच्या गावात एक इमारत उठत होती. तिसऱ्या मजल्यावरच्या परांचीवरून गवंड्याच्या हाताखालचा एक मजूर पडला आणि त्याची मांडी मोडली. नुकसानभरपाईची गोष्ट दूरच. पण त्या आठवड्याचे सहा दिवसांचे रोज तरी द्यावे, म्हणून त्याची बायको हेलपाटे घालीत होती. इमारतीचा मालक म्हणे, कंत्राटदाराला विचारा. कंत्राटदार म्हणे, मालकाने माझे बिल काढलेले नाही. मी दोन्हीकडे जाऊन आलो, दोन्हीकडे चहा मिळाला, पैसे मिळाले नाहीत.

त्या संध्याकाळी मी एका वडीलधाऱ्या माणसाकडे जाऊन बसलो. रेल्वेच्या वर्कशॉपातून फिटर म्हणून निवृत्त झालेले, बेने इस्राएल समाजाचे. आम्ही सगळे त्यांना काका म्हणत असू. त्यांनी सगळे ऐकून घेतले आणि म्हणाले, “अरे, मालक कोण, ह्याच गोष्टीवर आमच्या शास्त्री लोकांनी दीड हजार वर्षांपूर्वी डोके फोडून ठेवलंय. वाचतोस का?” आणि त्यांनी हर्बर्ट डॅन्बी ह्यांचे मिश्नाचे १९३३ सालचे इंग्रजी भाषांतर माझ्या हातात ठेवले. ते जाडजूड पुस्तक मी दोन वर्षे वाचीत होतो. त्यातले मला जे कळले ते आपल्यापुढे ठेवतो.

बेने इस्राएल आपणांस नवे नाहीत. कोकणात, कुलाबा जिल्ह्यात, पिढ्यान्‌पिढ्या तेलाचे घाणे चालवणारे हे लोक. गावोगावच्या मंडळींनी त्यांना ‘शनिवार तेली’ असे नाव दिले, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद असे. ग्रंथ हरवले, भाषा मराठी झाली, आडनावे नवगावकर, दिवेकर अशी गावांवरून पडली. परंतु आठवड्यातला एक दिवस बैल घाण्याला जुंपायचा नाही, एवढे त्यांनी सोडले नाही. मुंबईत त्यांचे पहिले प्रार्थनामंदिर सॅम्युअल इझिकिएल दिवेकर ह्यांनी १७९६ साली बांधले. वल्हांडणाच्या रात्री वाचायची हग्गादा त्यांनी एकोणिसाव्या शतकातच मराठीत छापून घेतली. आपल्या शेजारच्या माणसाचे शास्त्र आपल्याला ठाऊक नसावे, ही मला थोडी लाजेची गोष्ट वाटते.

आता शास्त्राची मांडणी थोडक्यात. मूळ आधार तोरा, म्हणजे मोशेचे पाच ग्रंथ. त्यावर तोंडी परंपरा चालत आली. गुरूने सांगायचे आणि शिष्याने पाठ करायचे, हा प्रकार आपल्याला नवा नाही. इसवी सनाच्या २०० च्या सुमारास यहूदा हा-नासी ह्यांनी ती परंपरा संकलित केली. तिला मिश्ना म्हणतात. तिच्यात ६३ प्रकरणग्रंथ आहेत. ह्या मिश्नावर बाबिलोनमधल्या विद्यापीठांत पुढे तीनशे वर्षे आणि त्याहूनही अधिक काळ जी चर्चा झाली तिचा ग्रंथ म्हणजे बाबिलोनी तल्मूद. आपल्याकडे याज्ञवल्क्यस्मृती आणि तिच्यावर मिताक्षरा, तशी काहीशी ही गोष्ट. फरक असा की, तल्मुदात हरलेल्या बाजूचे म्हणणेही जपून ठेवलेले असते. अमक्याने असे म्हटले, तमक्याने त्याला उलट उत्तर दिले, तिसऱ्याने विचारले की मग अशा वेळी काय? आमच्या युनियनच्या कार्यकारिणीचे इतिवृत्त असे लिहिले असते तर किती बरे झाले असते, असे मला वाचताना अनेकदा वाटले.

मजुरीचा मूळ नियम तोरामध्ये दोन ठिकाणी येतो. लेवीय ह्या ग्रंथात सांगितले आहे की, मजुराची मजुरी रात्रभर, सकाळपर्यंत, आपल्यापाशी ठेवू नये. अनुवाद ह्या ग्रंथात तीच गोष्ट उलट बाजूने येते : गरीब मजूर आपल्या भावंडांतला असो वा देशात राहणारा परका असो, त्याची मजुरी त्याच दिवशी, सूर्य मावळण्यापूर्वी द्यावी, कारण त्याचा जीव तिच्यावर लागलेला असतो. आता ह्यात एक अडचण दिसते. एक वचन म्हणते सूर्य मावळण्यापूर्वी, दुसरे म्हणते सकाळपर्यंत. मिश्नाकारांनी ती अशी सोडवली : दिवसपाळीच्या माणसाला सबंध रात्र मुदत, म्हणजे पहाटेच्या आत त्याचे पैसे गेले पाहिजेत, रात्रपाळीच्या माणसाला दुसरा सबंध दिवस मुदत, म्हणजे सूर्यास्ताच्या आत. आठवडा, महिना, वर्ष ह्या बोलीवर राहिलेल्यालाही असेच : ज्या वेळी काम संपले, त्या वेळेपासून मुदत मोजायची. माणसाप्रमाणेच भाड्याने आणलेल्या जनावराला आणि अवजारालाही हाच नियम.

आपल्या संसदेने २०१९ साली केलेली वेतन संहिता काढून पाहा. रोजंदारीवाल्याला पाळी संपताना, आठवड्याच्या माणसाला साप्ताहिक सुटीपूर्वीच्या शेवटच्या दिवशी, महिनेवाल्याला पुढच्या महिन्याच्या सात तारखेच्या आत. हिशेबाची पद्धत तीच. आमच्या युनियनमधल्या मोमीन विणकरांना मी हे सांगितले, तेव्हा त्यांतला एक म्हणाला, “आमच्याकडेही आहे, घाम वाळायच्या आत द्या म्हणून.” म्हणजे सांगणारे पुष्कळ झाले. सात तारखेला आमच्या गावात किती माग-कारखान्यांत पगार होतो, ते इथे बसलेल्या मंडळींना मी सांगायला नको.

‘त्याचा जीव तिच्यावर लागलेला असतो’ ह्या शब्दांवर तल्मुदात जो विचार झाला, तो वाचताना मी पुस्तक मिटून ठेवले होते. शास्त्री विचारतात, हा माणूस उंच शिडीवर का चढला? झाडाला का लोंबकळला? जिवावर उदार का झाला? मजुरीसाठीच ना? म्हणून मजुराची मजुरी अडवणारा त्याचा जीवच घेतो. पुढे त्यांचा आणखी एक वाद आहे. जीव जातो तो नक्की कोणाचा? एक म्हणतो लुटलेल्याचा, दुसरा म्हणतो लुटणाऱ्याचा. मला तो परांचीवरचा माणूस दिसत होता. दीड हजार वर्षांपूर्वी कुणा शिडीवरच्या माणसाकडे कुणीतरी खालून मान वर करून पाहिले होते, आणि पाहून प्रश्न विचारला होता.

आता ह्याच शास्त्राची पळवाटही सांगतो, कारण काकांनी ती माझ्यापासून लपवली नाही. मालकाने स्वतः मजूर लावला नाही, दुसऱ्याला सांगितले की जा आणि माझ्यासाठी माणसे आण. आणि आणणाऱ्याने मजुरांना सांगितले की तुमची मजुरी मालकाकडे. तर मुदतीच्या नियमाचा भंग कोणाला लागतो? तल्मूद म्हणतो, दोघांनाही नाही. आणणाऱ्याला नाही, कारण काम त्याचे नव्हे. मालकाला नाही, कारण त्याने स्वतः बोली केलेली नाही. मजुरी देणे बुडत नाही, ते राहतेच. पण ‘आजच’ हा तगादा सुटतो. आणि काही मोठे विद्वान हे जाणूनबुजून करीत. दोघा शास्त्र्यांची तर अशी नोंद आहे की, ते एकमेकांसाठी मजूर ठरवीत, म्हणजे कुणालाच दोष लागू नये!

हे वाचून मी काकांकडे रागाने गेलो. म्हटले, “काका, हे तर आमच्या कंत्राटदाराचेच शास्त्र झाले.” ते म्हणाले, “लिहून ठेवलंय ना? न लिहिता करणारे जास्त असतात.” उत्तर मला तेव्हा पटले नाही, आजही पुरते पटत नाही. मात्र पळवाट कुठे आहे हे समजले, की बुजवायची कुठे हे कळते. आपल्याकडे १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्याने ती जागा हेरली आणि कंत्राटदाराने मजुरी दिली नाही तर मूळ मालकाने द्यावी, असे ठरवले. त्या परांचीवरच्या माणसाची मजुरी आम्ही शेवटी ह्याच कलमावर, साडेचार महिन्यांनी, वसूल केली. तोपर्यंत त्याच्या बायकोने पितळेची भांडी मोडली होती.

दुसरा प्रश्न पुराव्याचा. मजूर म्हणतो मिळाले नाहीत, मालक म्हणतो दिले. कोणाचे खरे धरावे? त्या शास्त्राचा सर्वसाधारण नियम असा की, ज्याच्यावर मागणी आहे त्याने शपथ घ्यावी आणि सुटावे. मजुराच्या बाबतीत त्यांनी तो नियम फिरवला. मुदत टळलेली नसेल, तर मजुराने शपथ घ्यावी आणि मजुरी न्यावी. कारण काय? मालक खोटारडा म्हणून नव्हे. मालकाला अनेक माणसे, त्याचे डोके कामात गुंतलेले, दिले की नाही ह्यात त्याची गफलत होऊ शकते. पण मजुराला आपली मजुरी मिळाली की नाही, हे विसरायला होत नाही. किती सभ्य आणि किती अचूक! मात्र मजुरी किती ठरली होती, एक नाणे की दोन, असा वाद असेल तर पुराव्याचा भार मागणाऱ्यावरच राहतो. आणि मुदत टळून गेली की मजुराच्या शपथेचे बळही ओसरते, वेळेत मागितल्याचे साक्षीदार लागतात. मागितल्याशिवाय मुदतीचा भंगच होत नाही, हेही त्यात आहे. आमच्या सभासदांना मी हे वाक्य नेहमी ऐकवतो : मागा, आणि मागताना दोघे जण जा.

ह्या शपथेची गोष्ट मला लागण्याचे कारण आहे. अकरा वर्षे एका मागावर उभा असलेल्या आमच्या एका सभासदाला कामावरून काढले, तेव्हा तो तिथे नोकरीला होता हे आम्हांला सिद्ध करता आले नाही. हजेरीपट मालकाच्या कपाटात. पगाराच्या चिठ्ठ्या कधी दिल्याच नव्हत्या. बाजूच्या मागावरची माणसे साक्षीला यायला भ्यायली. आम्ही हरलो. त्या दिवशी न्यायालयाच्या पायरीवर मला मिश्नाची शपथ आठवली.

स्थानिक रिवाजाचे प्रकरण मात्र गोड आहे. नियम असा की, जिथे लवकर यायचा आणि उशिरा जायचा रिवाज नाही, तिथे मालकाने तशी सक्ती करू नये. जिथे जेवण द्यायचा रिवाज आहे तिथे जेवण द्यावे. योहानान बेन मत्या नावाच्या शास्त्र्यांनी मुलाला मजूर आणायला पाठवले. मुलाने जेवणाची बोली केली आणि परत आला. बाप म्हणाला, अरे, ‘जेवण’ एवढेच बोललास? शलमोन राजाच्या पंगतीसारखी पंगत मांडलीस तरी तुझी बोली पुरी होणार नाही, कारण ही अब्राहाम, इसहाक, याकोबाची लेकरे आहेत. पळत जा, आणि त्यांनी कामाला हात लावायच्या आत सांग की जेवण म्हणजे भाकरी आणि डाळ. त्यावर दुसरे शास्त्री म्हणतात, सांगण्याची गरज नव्हती, गावच्या रिवाजाप्रमाणे जे असेल ते.

त्याच ठिकाणी एक वाद आहे, तो माझ्या विशेष आवडीचा. मालक म्हणतो, मी तुम्हांला इतरांपेक्षा जादा मजुरी दिली ती तुम्ही लवकर यावे आणि उशिरा जावे म्हणून. मजूर म्हणतात, नव्हे, जादा दिलीत ती काम चांगले व्हावे म्हणून. वेळ ठरलेली तीच. तल्मूद मजुरांच्या बाजूने आहे. ओव्हरटाइमच्या वाटाघाटीत मी हा मुद्दा वापरला आहे. कुठून आणला ते मालकसंघाला सांगितले नव्हते, आज सांगतो.

काम सोडण्याचा हक्क ह्या शास्त्राने कशावर उभा केला, तेही ऐकण्यासारखे आहे. राव नावाचे आचार्य म्हणतात, मजूर भर दुपारीसुद्धा काम सोडू शकतो. कारण, देव म्हणतो इस्राएलची मुले माझे दास आहेत. माझे दास, दासांचे दास नव्हेत. अपवाद आहे : ज्या कामात खोळंबा झाल्यास माल नासेल, उदाहरणार्थ कुजत घातलेला अळशीचा ताग वेळेवर काढणे, तिथे मजुराला असे मोकळे सुटता येत नाही. पुढे योसेफ कारो ह्यांच्या शुल्हान आरूख ह्या संहितेत, जी १५६५ साली व्हेनिसला छापली गेली, ह्याच तत्त्वाची पुढची पायरी येते. मजुराने पैसे आगाऊ घेतले आणि खर्चून टाकले, तरीही तो काम सोडून जाऊ शकतो. पैसे त्याच्यावर कर्ज म्हणून राहतील, पण कर्जासाठी त्याचा देह अडकवता येणार नाही. उचल घेऊन ऊसतोडीला जाणाऱ्या माणसांना आपण ओळखतो. आपल्याकडे वेठबिगारी निर्मूलनाचा कायदा १९७६ साली झाला. उचलीचे पैसे फिटले नाहीत म्हणून मुकादमाने बायकामुलांना ठेवून घेतल्याच्या तक्रारी त्यानंतरही मी लिहून घेतल्या आहेत.

मजुरावरही बंधने आहेत, आणि ती मी सभासदांना सांगतो तेव्हा टाळ्या पडत नाहीत. रात्री आपले काम करून दिवसा दुसऱ्याकडे रोजाने जाऊ नये, कारण थकलेले अंग विकणे म्हणजे फसवणूक. आब्बा हिल्किया नावाचे एक सत्पुरुष रानात कुदळीने काम करीत होते. विद्वान मंडळी त्यांना भेटायला आली, नमस्कार केला; त्यांनी मान वर केली नाही. नंतर कारण विचारले, तेव्हा म्हणाले, मी आज रोजाने होतो, वेळ माझा नव्हता. उलट अंगाने, शास्त्रानेही मजुराची प्रार्थना सोपी केली. झाडावर किंवा भिंतीवर काम करणाऱ्याने ‘शेमा’ तिथेच, वर असतानाच म्हणावी. खाली उतरायचे कारण नाही.

आता शनिवारकडे येतो. दहा आज्ञांत विश्रांतीची आज्ञा आहे, आणि ती घरधन्यापुरती नाही. मुलगा, मुलगी, दास, दासी, गुरेढोरे, दारातला परका, सगळ्यांना ती लागू आहे. एका ठिकाणी तिचे कारण सृष्टीची उत्पत्ती असे दिले आहे. अनुवाद ग्रंथात मात्र कारण वेगळे : तू स्वतः मिसर देशात गुलाम होतास, ते विसरू नकोस. ह्या दिवशी कोणती कामे वर्ज्य, त्यांची मिश्नात यादी आहे : चाळीसला एक उणे. ती वाचताना मी खुर्चीवरून उठलोच. लोकर कातरणे, धुणे, पिंजणे, रंगवणे, सूत कातणे, ताणा लावणे, वहीचे दोन डोळे करणे, दोन धागे विणणे, दोन धागे सोडवणे. हा तर आमचा सबंध कारखाना! ताणा, वहिफणी, माग, सगळी खाती तिथे हजर. ज्यांनी ही यादी केली त्यांनी माग जवळून पाहिला होता, ह्याविषयी मला शंका नाही.

आपल्या गिरण्यांना आठवड्याची सुटी कशी मिळाली हे आपण जाणता. नारायण मेघाजी लोखंडे ह्यांनी १८८४ साली मुंबईत कामगारांच्या सभा घेतल्या, हजारो सह्यांचा अर्ज केला, आणि १८९० साली गिरणीमालकांनी रविवारची सुटी मान्य केली. त्याच मुंबईच्या समोरच्या अलिबागेत शनिवार तेली कुणाकडे अर्ज न करता शेकडो वर्षे सुटी पाळीत होते. घाणा त्यांचा स्वतःचा होता म्हणून हे जमले, असे कुणी म्हणेल. खरे आहे. पण बुडालेल्या दिवसाचे तेलही त्यांचेच होते.

ह्या शास्त्राची काळी बाजूही आहेच. तोरामध्ये गुलामगिरी आहे. स्वजातीच्या गुलामाला सहा वर्षांनी मोकळा करायचा. परजातीचा गुलाम मात्र वारशाने मुलांकडे जाऊ शकतो. परक्या मजुराला मुदतीचे संरक्षण दिले, पण मिश्नाने त्यातही एक पायरी खालची ठेवली. मनुस्मृतीविषयी जो प्रश्न आपण विचारतो तो इथेही विचारला पाहिजे, आणि यहुदी विद्वानांनी तो विचारला आहे.

संघटनेविषयी एकच सांगतो. गावकऱ्यांना मापे, भाव आणि मजुरीचे दर ठरवता येतात आणि ते मोडणाऱ्याला दंड करता येतो, असे तल्मुदात आहे. एका गावच्या खाटकांनी दिवस वाटून घेतले होते. दुसऱ्याच्या दिवशी जो जनावर कापील त्याचे कातडे फाडायचे, असा करार. एकाने मोडला, इतरांनी कातडे फाडले. प्रकरण रावापर्यंत नव्हे, रावा नावाच्या दुसऱ्या आचार्यापर्यंत गेले, आणि तिथे खाटक हरले. गावात मान्य विद्वान असताना त्याची संमती न घेता केलेला करार बांधत नाही, असा त्याचा अर्थ पुढे लावला गेला. विसाव्या शतकात उझिएल, फाइनस्टाइन ह्यांच्यासारख्या धर्मगुरूंनी कामगार संघटनांना शास्त्रात जागा दिली.

आता शेवटची गोष्ट हमालांची. रब्बा बर बर हाना नावाचे विद्वान. त्यांचे द्राक्षारसाचे भांडे हमालांनी वाहून नेताना फोडले. त्यांनी हमालांच्या अंगावरची वस्त्रे काढून घेतली. हमाल राव ह्यांच्याकडे गेले. राव म्हणाले, त्यांची वस्त्रे परत दे. ह्यांनी विचारले, हा कायदा आहे? राव म्हणाले, होय. आणि नीतिसूत्रांतल्या एका वचनाचा पूर्वार्ध सांगितला, सज्जनांच्या वाटेने चालावे अशा अर्थाचा. वस्त्रे दिली. हमाल म्हणाले, आम्ही गरीब आहोत, दिवसभर राबलो, पोटात भूक आहे, हातात काही नाही. राव म्हणाले, ह्यांची मजुरी दे. हा कायदा आहे? होय; आणि त्याच वचनाचा उत्तरार्ध. टीकाकार सांगतात, ही कायद्याच्या रेघेच्या आतली गोष्ट आहे; रेघेपर्यंत सगळ्यांनी यायचे, काहींनी तिच्या अलीकडेच थांबायचे. पण राव ‘होय, कायदा आहे’ असेच म्हणाले. मी तो शब्द धरून बसतो.

ही गोष्ट मी एकदा बाजार-समितीच्या आवारात, पोत्यांच्या थप्पीवर बसून आमच्या हमालांना सांगितली. माथाडी कायदा १९६९ चा, तो त्यांना पाठ आहे. फुटतुटीचे पैसे कापण्यावरून भांडणे रोजची. गोष्ट संपल्यावर बराच वेळ कुणी बोलले नाही. मग एका म्हाताऱ्या हमालाने विचारले, “साहेब, दुसऱ्या दिवशी त्या मालकाने परत त्यांनाच कामाला बोलावलं का?”

मी घरी येऊन पान पुन्हा उघडले. रावांचे उत्तर झाले की तिथे लगेच पुढचे प्रकरण सुरू होते.